पदके उरली, बोल मात्र गेले!

आमच्या आजोबांची एक गोष्ट घरात फार प्रसिद्ध होती. आजोबा दुसऱ्या महायुद्धात मराठा पलटणीबरोबर इटलीत होते. स्वभावाने अबोल, पण पावसाळ्याच्या रात्री दिवे गेले, की कधीतरी त्यांचे तोंड उघडायचे. थंडी कशी होती, नद्या कशा तुडुंब होत्या, रसद कशी मागे राहून गेली, हे दोन-चार वाक्यांत सांगून झाले, की ते हमखास एका म्हातारीवर येत. एका पडक्या गावात ती दारात उभी होती. ‘‘तिनं आमाला पाने दिली. तीच खाल्ली,’’ एवढे बोलून ते विडी शिलगावत. आम्ही पोरे डोळे विस्फारून ऐकत असू. लढाईत आजोबांनी झाडाची पाने खाऊन दिवस काढले, अशी आमची ठाम समजूत होती. शाळेत मी त्यावर निबंध लिहिला आणि गुरुजींनी तो वर्गात वाचूनही दाखवला.

आजोबा गेल्यानंतर बऱ्याच वर्षांनी एका पुस्तकात वाचले, की इटालियन भाषेत ‘पाने’ म्हणजे पाव! म्हातारीने आजोबांना पाला दिलाच नव्हता. स्वतःच्या घरात खायची मारामार असताना परमुलखातल्या, परक्या रंगाच्या शिपायांना तिने आपला पाव मोडून दिला होता. आजोबा आम्हाला एका माउलीच्या उपकाराची गोष्ट सांगत होते आणि आम्ही ती उपासमारीची म्हणून ऐकत होतो. ते गाव कोणते? म्हातारी काय म्हणाली? आजोबांनी तिला काय दिले? आता विचारणार कुणाला? ट्रंकेत पदके आहेत. बोलणारा माणूस नाही.

वाचकहो, ही एका घराची गोष्ट नाही. बेळगाव, खानापूर, निपाणी, चंदगड, गडहिंग्लज या भागात असे गाव शोधूनही सापडणार नाही, ज्याच्या चार घरांत तरी पलटणीचा फोटो भिंतीवर नाही. शिरोळ तालुक्यातल्या टाकळीला तर लोक सैनिक टाकळी म्हणूनच ओळखतात. मराठा रेजिमेंटच्या सर्वांत जुन्या पलटणी १७६८ सालच्या. जंगी पलटण आणि काळी पाचवी ही नावे आपल्या आज्यांनाही तोंडपाठ. १९२२ पासून रेजिमेंटचे प्रशिक्षण केंद्र बेळगावात आहे. पिढ्यान् पिढ्या आपल्याकडची पोरे इथे कदम शिकली आणि मेसोपोटेमिया, एरिट्रिया, इटली, ब्रह्मदेश, काश्मीर, बांगलादेश, श्रीलंका अशा मुलखांत जाऊन लढली. त्यांपैकी किती जणांचे शब्द आपल्याकडे आहेत?

दगडावर फक्त आकडे

पहिल्या महायुद्धानंतर सरकारने मुंबई इलाख्यातल्या अनेक गावांत दगडी पाट्या बसवल्या. काही चावडीच्या भिंतीत आहेत, काही देवळाच्या पारावर. मजकूर बहुधा ठरीव: या गावातून इतकी माणसे १९१४ ते १९१९ च्या मोठ्या लढाईला गेली, त्यांपैकी इतक्यांनी प्राण दिले. दोन आकडे आणि संपले. नावे नाहीत. हिंदुस्थानातून त्या युद्धासाठी सुमारे १३ लाख माणसे गेली आणि ७४ हजारांवर परत आली नाहीत, ही मोठी बेरीज अशाच लहान लहान पाट्यांतून झालेली आहे.

त्या लढाईत कुत-अल-अमाराचा वेढा झाला. ७ डिसेंबर १९१५ ते २९ एप्रिल १९१६, असे जवळजवळ पाच महिने तैग्रिस नदीकाठच्या त्या गावात ब्रिटिश-हिंदी फौज तुर्कांनी कोंडून धरली. १०३, ११० आणि ११७ या तीन मराठा पलटणी आत होत्या. अन्न संपत आले तेव्हा घोडे मारून मांस वाटण्यात आले. हिंदी शिपायांपैकी अनेकांनी ते खाण्यास नकार दिला. धर्मगुरूंची संमती तारेने मागवावी लागली, तरीही कित्येकांनी एप्रिल उजाडेपर्यंत हट्ट सोडला नाही. इतिहासाच्या पुस्तकांत हा प्रसंग शिधा आणि शिस्त यांचा प्रश्न म्हणून येतो. पण ज्याने कालपर्यंत घोड्याला खरारा केला, त्याच्या पुढ्यात ते मांस आले तेव्हा त्याच्या मनात काय आले? गावी परतल्यावर भावकीने त्याला पंक्तीला बसवले की नाही? हे सांगू शकणारी माणसे आपल्याच वाड्या-वस्त्यांवर १९५०-६० पर्यंत हयात होती. त्यांना कुणी विचारले नाही.

पत्रे मराठी, उरले इंग्रजी

कुणी म्हणेल, लढाईची कागदपत्रे तर लंडनपासून दिल्लीपर्यंत गठ्ठ्यांनी आहेत. आहेत खरी, पण ती कुणाची? पलटणीची रोजनिशी साहेबाने लिहायची. शौर्यपदकाचे मानपत्र वरिष्ठांच्या शिफारशीवरून तयार व्हायचे. शिपाई त्यांत एक तर नंबर असतो, नाही तर पराक्रम.

शिपायांनी स्वतः लिहिलेली पत्रे होती. पहिल्या महायुद्धात फ्रान्समधल्या हिंदी सैनिकांची टपाल सेन्सॉरचे अधिकारी उघडून वाचत. उर्दू, गुरुमुखी, हिंदी, मराठी अशा भाषांतल्या या पत्रांतले निवडक उतारे इंग्रजीत करून ते अहवालांना जोडत. ते अहवाल लंडनला जपून ठेवलेले आहेत. डेव्हिड ओमिसी या अभ्यासकाने त्यांतून निवडलेल्या पत्रांचे पुस्तक १९९९ मध्ये छापले. वाचताना गळा दाटून येतो, पण मधेच एक गोष्ट टोचते. उताऱ्याबरोबर मूळ भाषा कोणती, एवढे नोंदलेले असते. ती भाषा मात्र तिथे नसते. मूळ पत्रे बहुतेक नाहीशी झाली. आपल्या एखाद्या पणजोबाने आईला ‘बये’ म्हटले होते की ‘आवशी’, बैलाला कोणत्या नावाने विचारले होते, शिवी कोणती घातली होती, हे त्या इंग्रजीत कुठून सापडणार? भाकरीचा वास भाषांतरात येत नाही.

याच्या उलट एक उदाहरण बर्लिनचे. त्याच युद्धात जर्मनांच्या हाती पडलेले हिंदी सैनिक वुन्सडॉर्फ येथील छावणीत ठेवले होते. जर्मन अभ्यासकांनी निरनिराळ्या देशांच्या कैद्यांना फोनोग्राफच्या कर्ण्यासमोर बसवून त्यांच्या बोलींचे नमुने मुद्रित केले. त्यांना भाषेचा अभ्यास करायचा होता. माणसाच्या दुःखाशी देणेघेणे नव्हते. पण ११ डिसेंबर १९१६ रोजी मालसिंग नावाचा एक पंजाबी शिपाई त्या कर्ण्यासमोर उभा राहिला आणि स्वतःविषयीच, जणू दुसऱ्या कुणाची हकिकत सांगावी तसे, बोलला. हिंदुस्थानात लोणी खाणारा एक माणूस होता, तो इंग्रजांच्या चाकरीत शिरला, लढाईत आला आणि कैद झाला. आता त्याला घरी जायचे आहे, असा त्याचा आशय. मुद्रण जेमतेम मिनिटभराचे. शंभर वर्षांनंतरही ते ऐकताना समोर माणूस उभा राहतो, कारण तो आपल्या भाषेत, आपल्या लयीत बोलला आहे. परक्या देशाच्या तुरुंगात शत्रूने जे जपले, ते घरच्या ओसरीवर आपल्याला जपता आले नाही!

आता कोण उरले?

हिशेब सरळ आहे. १९४५ साली अठरा वर्षांचा असलेला जवान आज शंभरीच्या उंबरठ्यावर असणार. दुसऱ्या महायुद्धात हिंदी सैन्यात २५ लाखांवर माणसे होती. त्यांपैकी सुमारे ५० हजार इटलीत लढली. मराठा रेजिमेंटच्या नाईक यशवंत घाडगे यांना १० जुलै १९४४ च्या लढाईसाठी मरणोत्तर, तर शिपाई नामदेव जाधव यांना ९ एप्रिल १९४५ च्या सेनियो नदीकाठच्या लढाईसाठी व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. घाडगे यांचे स्मारक २०२३ मध्ये इटलीतल्या मोंतोने या गावी उभे राहिले. इटालियन गावाने आपल्या माणसाची आठवण ठेवली, ही समाधानाची गोष्ट. पण त्या पिढीचे बोल मिळवण्याची वेळ जवळजवळ टळून गेली आहे. आता त्यांच्या मुला-सुनांनी जे ऐकले, तेवढेच हाती लागेल. तेही लिहून घेतले पाहिजे. मात्र ते ऐकीव आहे, अशी स्पष्ट नोंद करून.

१९६२, १९६५ आणि १९७१ या युद्धांतली माणसे मात्र अजून पारावर बसलेली दिसतात. १९७१ ला विशीत असलेला जवान आज सत्तरी ओलांडून गेला आहे. डिसेंबर १९७१ मध्ये जंगी पलटण, म्हणजे पहिली मराठा, जमालपूरला होती. ब्रिगेडियर क्लेर यांनी पाकिस्तानी कमांडरला शरणागतीचे पत्र पाठवले आणि त्याने उत्तरासोबत बंदुकीची गोळी गुंडाळून पाठवली, हा किस्सा पुस्तकांत आला आहे, पत्रेही छापली गेली आहेत. ११ डिसेंबरला तंगाईलला दुसरी पॅरा (मराठा) पलटण छत्रीने उतरली, तेही साऱ्यांना ठाऊक आहे. पण गोळी गुंडाळलेले पत्र आले त्या रात्री खंदकात बसलेल्या शिपायाने काय खाल्ले, शेजारच्याशी काय बोलला, घरी पाठवायचे पत्र कुणाजवळ देऊन ठेवले, हे त्याचे त्यालाच माहीत. तो कदाचित तुमच्या गल्लीत राहत असेल आणि सकाळी दुधाच्या डेअरीवर तुम्हाला भेटत असेल.

दाराशी आलेली लढाई

लढाई म्हणजे फक्त दूरदेशीची, असेही नाही. १९६१ च्या डिसेंबरात ती आपल्या दारावरून गेली. १५ ऑगस्ट १९५५ च्या सत्याग्रहात पोर्तुगीजांच्या गोळ्यांनी सत्याग्रही पडले आणि त्यानंतर सीमा बंद झाली. कॅसलरॉकवरून गोव्यात जाणारी रेल्वे थांबली. सोयरिकी तुटल्या, बाजार तुटले. त्याच काळात लिबिया लोबो आणि वामन सरदेसाई हे दोघे आधी आंबोलीच्या रानातून आणि मग कॅसलरॉकहून गुप्त नभोवाणी केंद्र चालवत होते. १९५५ पासून १९६१ पर्यंत कोकणी आणि पोर्तुगीज भाषांत ते गोव्याला बातम्या देत राहिले. लिबियाताईंना २०२५ मध्ये पद्मश्री मिळाली, तेव्हा त्यांनी वयाची शंभरी गाठली होती.

मग बेळगावात फौज जमली, सांबऱ्याच्या धावपट्टीवरून विमाने उडाली आणि १९ डिसेंबर १९६१ रोजी ४५१ वर्षांची पोर्तुगीज सत्ता संपली. कारवारसमोरच्या अंजदीव बेटावर आपल्या नौदलाचे सात जण पडले. हे झाले पुस्तकातले. पण ट्रकांच्या रांगा पहाटे गावातून गेल्या तेव्हा काय वाटले? जवानांना पाणी कुणी पाजले, गुळाच्या ढेपा कुणी दिल्या, रानातली वाट कुणी दाखवली? पलीकडे दिलेल्या बहिणीची खबर किती दिवसांनी आली? तेव्हा दहा वर्षांचे असलेले पोर आज पंचाहत्तरीच्या घरात आहे. येत्या दहा वर्षांत या आठवणीही जातील.

आणि बायका? त्यांच्याकडे तर आपण युद्धाचे साक्षीदार म्हणून पाहिलेलेच नाही. सोव्हिएत सैन्यात दुसऱ्या महायुद्धात आठ-दहा लाख स्त्रिया होत्या, तरी त्यांची हकिकत कुणी विचारत नव्हते. स्वेतलाना अलेक्सीविच या लेखिकेने शेकडो जणींना गाठून त्यांचे बोल टेपवर घेतले. ते पुस्तक १९८५ मध्ये निघाले आणि पुढे २०१५ मध्ये त्यांना साहित्याचे नोबेल मिळाले. मोठ्या विजयाच्या गोष्टीत न मावणाऱ्या लहान गोष्टी बायकांनी सांगितल्या, म्हणून ते पुस्तक जगभर गेले. आपल्याकडच्या बायका बंदूक घेऊन गेल्या नाहीत. पण मनिऑर्डर उशिरा आली म्हणजे पोटात गोळा कुणाच्या यायचा? गावात तारवाला सायकलवरून शिरला, की पदराला हात कुणाचा जायचा? नवरा सहा-सहा महिने नसताना पेरणी, सासू, पोरे आणि भाऊबंदकीची कज्जेदलाली कुणी निभावली? लढाईचा हा अर्धा भाग घरातच लढला गेला आहे.

जसे बोलले तसेच

आता मुद्द्याची गोष्ट. या आठवणी कोणत्या भाषेत घ्यायच्या? सांगणाऱ्याच्या. त्याला आपण ‘शुद्ध’ मराठीत आणायला गेलो, की काम बिघडले म्हणून समजा. आपल्या सीमाभागातला माणूस ‘जाऊलोय, करूलोय’ म्हणतो, मधेच कन्नड शब्द टाकतो, पलटणीतली हिंदुस्थानी बोलतो, ‘कोत’, ‘गारद’, ‘लंगर’, ‘हुकूम’ हे शब्द त्याच्या तोंडी घरच्यासारखे असतात. बर्मातून आलेला बर्मी शब्द आणतो, इटलीतून आलेला ‘पाने’ आणतो. त्यावर लाल शाई फिरवू नये. अर्थ कळला नाही तर शब्द जसा ऐकला तसा लिहावा आणि पुढे प्रश्नचिन्ह टाकावे. आमच्या घरात कुणी असे प्रश्नचिन्ह टाकून ठेवले असते, तर आजोबा हयात असतानाच उलगडा झाला असता.

हाच नियम शेजाऱ्यालाही. कन्नड बोलणाऱ्या माजी सैनिकाची आठवण कन्नडमध्ये घ्यावी, गोव्याकडच्या माणसाची कोकणीत. एकाच खंदकात बसलेल्यांना ओसरीवर वेगळे करण्याचे कारण नाही. मायबोलीचे प्रेम म्हणजे दुसऱ्याच्या मायबोलीचाही मान, हे पलटणीत राहिलेल्या माणसाला सांगावे लागत नाही.

काम कसे करावे?

यासाठी मोठी संस्था, अनुदान, समिती काही लागत नाही. घरोघरी मोबाईल आहे, तोच पुरे. ठरवून, सांगून जावे. पंखा बंद करावा, फोनवर कॉल येणार नाही असे करावे, आणि तो दुमडलेल्या टॉवेलवर सांगणाऱ्याजवळ ठेवावा. सुरुवातीला तारीख, गाव, सांगणाऱ्याचे नाव आणि विचारणाऱ्याचे नाव आवाजातच बोलून घ्यावे. त्यांची परवानगीही त्याच मुद्रणात घ्यावी: हे कुणाला ऐकवले तर चालेल, गावात ऐकवावे की घरातच ठेवावे?

‘लढाईविषयी काहीतरी सांगा’ म्हटले, की म्हातारा माणूस गप्प होतो किंवा भाषण करतो. त्यापेक्षा लहान प्रश्न विचारावेत. भरतीला गेलात तेव्हा अंगावर काय होते? पहिल्या पगाराचे काय केले? जेवायला काय असायचे? रजेवर आलात तेव्हा पोराने ओळखले का? मधे बोलू नये. तारीख चुकली तर दुरुस्त करत बसू नये. तारखा पुस्तकांत मिळतात. ते थांबले तर आपणही थांबावे. पुष्कळदा खरी गोष्ट त्या शांततेनंतर येते. एका बैठकीत सारे उरकू नये. तासाभराच्या दोन-तीन बैठका बऱ्या.

ट्रंक उघडायला सांगावी. डिस्चार्ज बुक, पेन्शनचे कागद, जुनी पत्रे आणि फोटो यांचे फोटो काढावेत. पदकाची कड भिंगाखाली पाहावी. पुष्कळ पदकांच्या कडेवर नंबर, नाव आणि पलटण कोरलेली असते. वस्तू हातात आली की विसरलेले आठवते.

एक सांभाळावे. ज्याने मित्र डोळ्यांदेखत पडताना पाहिला, त्याला पुन्हा पुन्हा तिथे नेऊ नये. डोळे भरून आले तर फोन बंद करून चहा सांगावा. श्रीलंका, कारगिल आणि त्यानंतरच्या मोहिमांतल्या माणसांना सैन्याच्या गुप्त गोष्टी विचारू नयेत. शौर्य फुगवून सांगण्याचा आग्रह धरू नये, तसेच भीती वाटली होती असे कुणी म्हणाले तर तेही खोडू नये.

घरी आल्यावर त्याच दिवशी मुद्रणाच्या दोन प्रती कराव्यात, कारण मोबाईल पडतात, हरवतात, बिघडतात. एक प्रत घरच्यांना द्यावी आणि परवानगी असेल तर एक गावच्या वाचनालयात किंवा शाळेत ठेवावी. सुट्टीत नववी-दहावीच्या मुलांना बसवून ऐकून ऐकून वहीत उतरवायला लावावे. मुलांचे मराठीही सुधारेल आणि ‘आपला आज्जा कोण होता’ हेही कळेल. मराठी शाळा टिकाव्यात म्हणून आपण सभा घेतो, ते बरोबरच आहे. त्या शाळांत वाचायला आपल्या गावचे शब्द असले, तर शाळेला बळच येईल.

आमच्या घरी आता आजी आहे. नव्वदीला टेकली आहे, ऐकू कमी येते. गेल्या दिवाळीत मी तिच्याजवळ फोन ठेवून बसलो. त्या इटलीतल्या म्हातारीबद्दल विचारले. आजी जरा वेळ गप्प राहिली आणि मग म्हणाली, ‘‘तिचा ल्योक पन लढाईत हुता म्हनं. ह्यास्नी बघून रडली ती.’’ एवढेच. आणखी काही तिला आठवले नाही. पण इतकी वर्षे आमच्या घरातच असलेले, कुणीच न विचारलेले ते एक वाक्य आता आमच्यापाशी आहे, तिच्या आवाजात आणि तिच्या बोलीत.

आपल्याही घरी कुणीतरी असेल. आज संध्याकाळीच जाऊन बसा.